मरून राह्यली

७ ऑगस्ट २०२४, बुधवार

पेटीकोटचा नाडा काढून घेतला! बावीस वर्षं अंगणवाडी चालवली मी, आणि माझा नाडा जमा. का, तर मी त्याने गळफास घेईन. हिरवा गाऊन दिला. त्याचं मागचं बटण तुटलेलं. ते लावायला सुई मागितली तर सिस्टर माझ्याकडे नुसती बघत राहिली.

बांगड्याही काढल्या. मलिका सिस्टरने फोडल्या नाहीत, साबण लावून एकेक काढली. "सवाष्णीच्या फोडायच्या नाई, मले मालूम हाय," म्हणाली.

हे रजिस्टर तेवढं सुटलं. घरून निघताना पिशवीत होतं, गरोदर मातांचं, यंदाचं, कोरं. पेन देत नाहीत, बोटभर पेन्सिल दिली. वर अट — "लिहा बाई, पण रोज संध्याकाळी मले दाखवा लागन." म्हणजे इथे पानसुद्धा माझं नाही. ठीक आहे. पर्यवेक्षिकेला रजिस्टर दाखवायची सवय आहेच.

८ ऑगस्ट

कसं आणलं ते लिहून ठेवते. नाहीतर उद्या म्हणतील, वच्छला स्वतःच्या पायाने आली. तशी आलेच म्हणा स्वतःच्या पायाने!

आदेश, माझा एकुलता एक, कोरपन्याहून सुटी घेऊन आला. सिमेंट कंपनीत ठेक्यावर आहे, त्याला सुटी मिळत नाही. मिळाली. माझ्याजवळ बसला, पाय दाबले. म्हणाला, "आई, तुह्या पोषणच्या मोबाईलचं केवायसी अडकलं हाय. चंद्रपूरले जाऊनच होते म्हणते." अंगणवाडीचं नाव काढलं की मी उठते, हे त्याला ठाऊक. उठले. युनिफॉर्मची साडी नेसले, पिशवीत रजिस्टरं भरली. चामोर्शीहून एसटी, मूलवरून चंद्रपूर. मी, आदेश आणि आदेशचे बाबा. खिडकी मला दिली. तेव्हाच समजायला पाहिजे होतं! सव्वीस वर्षांत त्या माणसाने मला खिडकी दिली नाही.

चंद्रपूरच्या बाहेर कुठल्याशा ट्रस्टचा दवाखाना. पुढे बाग, मागे जाळी. मी म्हटलं, केवायसी कुठी होते? काउंटरवरच्या पोरीने फॉर्म आदेशच्या बाबांपुढे सरकवला. देवाजी हे त्यांचं नाव. बँकेची स्लिपसुद्धा मी भरून दिल्याशिवाय ज्यांना जमत नाही, त्यांनी त्या दिवशी कोणालाही न विचारता सही केली. चांगली वळणदार.

मी दाराकडे गेले. पळाले नाही, चालत गेले. दोघींनी दंड धरले, तिसरीने सुई टोचली. आदेश भिंतीकडे तोंड करून उभा होता.

आणि मी केलं काय होतं? निजून होते. अकरा दिवस. कपडे फाडले नाहीत, कोणाला शिवी दिली नाही, दगड मारला नाही. जूनमध्ये सासूबाई गेल्या. चार वर्षं अंथरुणाला होत्या, हगणं-मुतणं सगळं मीच केलं. तेरवी झाली, अंगणवाडी सुरू झाली, धानाची रोवणी लागली, आणि एक दिवस मी ओसरीवर निजले ती उठले नाही. रोवणीत घरची बाई निजली! बांधीत लावायचे धानाचे पऱ्हे पिवळे पडत होते आणि ही निजलेली! आधी पुजारी आणला, त्याने लिंबू फिरवला. मग आदेशने मोबाईलवर काहीतरी वाचलं.

९ ऑगस्ट

डॉक्टर आला. प्रणित त्याचं नाव. सांगलीकडचा, तिशीच्या आतला, बूट चकचकीत. आवाज गोड. मला गोड आवाजाच्या माणसाची भीती वाटते, आमचे प्रकल्प अधिकारी असेच बोलायचे.

"काय होतंय तुम्हाला, ताई?"

मी म्हटलं, "मी मरून राह्यली."

त्याने पेन उघडला. "मरून राहिलात? कधीपासून?"

आता यावर काय सांगावं! म्हटलं, "लग्न झाल्यापासून."

लिहिलं त्याने! मान खाली घालून लिहिलं. "तेव्हा वय काय होतं?" म्हटलं, एकोणीस. तेही लिहिलं. मग विचारतो, जेवत का नाही. मी म्हटलं, "मेलेल्या माणसाले कोण वाढते जी?" तेही लिहिलं. दारात उभी असलेली मावशी तोंडाला पदर लावून हसत होती.

१० ऑगस्ट

दिवसाला चार गोळ्या. जीभ वर करून दाखवायची. मीही पोरांना जंताची गोळी देताना अशीच जीभ वर करायला लावायची.

बाजूच्या खाटेवर रूही आहे. भद्रावतीची, पंचविशीची. तिची ही तिसरी खेप. तिने मला नियम सांगितले. "रडायचं नाई, लिहितात. हसायचं नाई, लिहितात. घरी जायचंय म्हटलं तर 'आजाराची जाणीव नाही' असं लिहितात." मी विचारलं, मग करायचं काय? म्हणाली, "टीव्ही पाहायचा." टीव्ही गेल्या महिन्यापासून बंद आहे.

सकाळचा चहा गार होता. रूहीचा ओठ भाजला म्हणे. नाजूक पोरगी.

१२ ऑगस्ट, सोमवार

आज कळलं!

मलिका सिस्टर रजिस्टर बघायला आली, मागची पानं वाचून एकदम थबकली. ९ तारखेचं पान दोनदा वाचलं. म्हणाली, "अवं बाई, हे काय झालं!" मग दार लोटून माझी फाइल घेऊन आली. इंग्रजीत होतं, तिने मराठी करून सांगितलं — 'रुग्ण म्हणते की ती मेलेली आहे आणि मेलेल्याच अवस्थेत राहत आहे. कालावधी सव्वीस वर्षं. मृत असल्यामुळे अन्न घेत नाही.' आणि खाली आजाराचं लांबलचक नाव. फार क्वचित होतो म्हणे. प्रणित डॉक्टरने आजवर फक्त पुस्तकात वाचला होता.

तिकडच्या मराठीत 'मरून राहिली' म्हणजे मेली आणि तशीच राहिली! आमच्याकडे 'जेवून राह्यली' म्हणजे जेवत्ये, 'जाऊन राह्यली' म्हणजे जात्ये, आणि 'मरून राह्यली' तर बाया दिवसातून दहा वेळा म्हणतात. पाणी भरताना, निंदणाला, उन्हात बस लागली नाही की. सगळ्या बायांना आणून ठेवा मग इथे! गाड्या पुरायच्या नाहीत.

"सरले सांगा ना," मी म्हटलं.

सिस्टरने सांगितलं म्हणे. सर म्हणाले, "फक्त शब्दावर नाही हो सिस्टर, बाकीचंही बघा." बाकीचं काय? मी निजले होते, हे? बाईमाणूस निजलं की आजार, आणि पुरुष पोळ्यापासून दिवाळीपर्यंत चौकात बसून राहतो तो धडधाकट!

१३ ऑगस्ट

जेवणाच्या खोलीत पाटी आहे, तेलाच्या डागांची, कोणी वाचत नाही. मी वाचली. नातेवाइकाच्या अर्जावरून दाखल केलं तर तीस दिवस. पुढे ठेवायचं तर पुन्हा कागद. रुग्णाला मानसिक आरोग्याच्या मंडळाकडे दाद मागता येते. आपला प्रतिनिधी आपण लिहून देऊन निवडता येतो. नवराच पाहिजे असं कुठे लिहिलेलं नाही!

तीस दिवस म्हणजे ५ सप्टेंबर. तोवर बाहेर पडले नाही तर हे मला ठेवूनच घेतील. एकदा ठेवून घेतलेल्या बाईला कोणी अंगणवाडीची पोरं देत नाही. माझी जागा भरतील. मग घरी जाऊन करू काय? पुन्हा ओसरी.

१५ ऑगस्ट

स्वातंत्र्यदिन! झेंडा लावायला जाळीचं कुलूप काढलं. बारा मिनिटं. ट्रस्टचे अध्यक्ष बोलले, आम्ही टाळ्या वाजवल्या, पुन्हा कुलूप. बुंदी वाटली. साखर टाकायलाच विसरले होते, पण बाकीच्या मिटक्या मारून खात होत्या. रूहीने माझीपण खाल्ली.

१७ ऑगस्ट, शनिवार

आज एक गोष्ट डोक्यातून जात नाही. लिहू नये वाटतं. लिहिते.

पाच वर्षांपूर्वी कोलू नावाचं दीड वर्षाचं पोर होतं, नदीपलीकडच्या टोल्यावरचं, चार घरांच्या वस्तीतलं. हाडं मोजता येत होती. अशा पोरांना आईसकट चौदा दिवस दवाखान्यात दाखल करायचं असतं. आई तयार होईना. घरी दुसरं लेकरू, शेळ्या, मोहाचा हंगाम. मी तिला सांगितलं, "नुसतं वजन करायले चाल." जीपमध्ये बसवलं. तिथे गेल्यावर तिचा अंगठा घेतला. फॉर्म वाचून दाखवला नाही. तिला मराठी अर्धवट येत होती आणि मला वेळ नव्हता. मी निघाले तशी ती दाराशी आली. मी दार ओढून घेतलं. तिचा हात मध्ये आला असता.

पोर वाचलं. आता शाळेत जातं. आई आजवर माझ्याशी बोलत नाही. मी सगळ्यांना सांगत असे, भलं केलं तर लोक असे वागतात.

आदेशने केवायसी सांगितलं, मी वजन सांगितलं. त्याला मी काय तोंडाने बोलू? पण बोलणार! त्याचं लेकरू नव्हते मी. त्याची आई होते.

१८ ऑगस्ट, रविवार

भेटीचा दिवस. घरचं कोणी नाही. रोवणीचा खाडा नको असेल.

सोमारी आली! माझी मदतनीस. जन्मात कधी एकटी चंद्रपूरला आली नव्हती, दोन एसट्या बदलून आली. डब्यात वास्ते आणले होते, बांबूच्या कोंबांची भाजी. गेटवर अडवला डबा. तपासून अर्धा आत दिला. तिच्यासमोर दोन घास खाल्ले. ती माझ्या तोंडाकडे बघत होती, घासाकडे नाही.

म्हणाली, "बाई, पोरं इचारते. म्या सांगतलं ट्रेनिंगले गेली."

मी तिला सांगितलं — माझी प्रतिनिधी तू. घाबरली. "मी? मदतनीस? देवाजीभाऊ काय म्हणन?" मी म्हटलं, भाऊने सही केली तेव्हा मला विचारलं होतं का? तिने अंगठा नाही लावला, सही केली. मीच शिकवली होती तिला ती सही, बारा वर्षांपूर्वी. अर्ज मलिका सिस्टर पोचवते म्हणाली. तिची नोकरी जाऊ शकते त्यात. गेली तर ते पाप माझ्या डोक्यावर.

२० ऑगस्ट

अर्ज गेला.

२२ ऑगस्ट

स्वयंपाकीण बदलली वाटतं. वरणाला आज कांद्याचा वास होता, फोडणीचा, चांगला. दोन वाट्या घेतल्या. रूही म्हणते तीच बाई आहे. असेल, हात बसला असेल आता तिचा.

आज गाऊनच्या बटणाचा राग आला. खूप आला! पंधरा दिवस मागून उघडी फिरतेय मी! सिस्टरसमोर बसून तिच्याकडून शिवून घेतलं तेव्हा शांत झाले.

२४ ऑगस्ट, शनिवार

बापलेक आले. वार भेटीचा नव्हता, पण मंडळाची नोटीस घरी गेली म्हणून धावत आले. पाहा, कागद बोलला की कशी एसटी मिळते!

आदेशचे बाबा बसलेच नाहीत. "मदतनीसाचं नाव देल्लं? मी मेलो होतो का?" म्हणाले. मी म्हटलं, नाही, मीच मेले होते, तुमच्याच सहीने. मग खालच्या आवाजात म्हणाले, "गावात तोंड दाखवाची सोय नाई राह्यली. लोकं म्हणते देवाजीची बायको पागल झाली." म्हणजे त्रास यांना झाला. मी इथे हवा खायला आले होते.

आदेश रडला. "आई, तू पानीसुद्धा पेत नव्हती वो. मले भेव वाटलं." मी त्याला जवळ घेतलं नाही. विचारलं, "केवायसी झालं का?" तो तसाच बाहेर गेला. वाईट बोलले. पुन्हा वेळ आली तर पुन्हा बोलेन.

२६ ऑगस्ट

प्रणित डॉक्टरशी अर्धा तास. मीच त्याला मराठी शिकवली. "करून राह्यलो, बसून राह्यलो, पाऊस येऊन राह्यला — आला आणि राहिला नाही जी, येत हाय!" तो हसला. वहीत उतरवून घेतलं. म्हणाला, "म्हणजे तुमचं म्हणणं, त्या दिवशी तुम्ही फक्त दमलेल्या होतात?"

म्हटलं, "अजून काय!"

त्याने वही मिटली. "ताई, तुम्हाला फसवून आणलं ते चूकच. मी ते फाइलमध्ये लिहिलंय. पण आलात तेव्हा तुमच्या हातावर सिस्टरने गरम पाण्याची पिशवी ठेवली होती, तुम्ही हात काढला नाहीत. हे दमल्याने होत नाही."

मी म्हटलं, चुलीवरचे हात आहेत हे, तुमच्या आईचे नाहीत. बरा सापडला.

मला त्याची कीव आली थोडी. पण मला बाहेर पडायचं आहे.

२९ ऑगस्ट, गुरुवार

आज मंडळ.

तिघं होते. निवृत्त न्यायाधीश, आपल्याच वर्ध्याकडचे, एक वयस्क डॉक्टर, आणि एक संस्थेतल्या बाई. माझ्या बाजूला सोमारी, नवी साडी नेसून, ओठ घट्ट मिटून. समोर आदेशचे बाबा आणि आदेश. कोपऱ्यात प्रणित डॉक्टर फाइल घेऊन.

न्यायाधीशांनी पहिलं पान वाचलं. चष्मा काढला. पुन्हा वाचलं. मला विचारलं, "बाई, तुमी डॉक्टरले नेमकं काय म्हटलं होतं? तुमच्या भाषेत सांगा."

मी उभी राहिले. म्हटलं, "काम करू करू मरून राह्यली, असं म्हटलं होतं साहेब."

आधी आदेशचे बाबा फिसकन् हसले. मग संस्थेतल्या बाई. मग न्यायाधीश असे हसले की टेबलावरचा पाण्याचा ग्लास हलला. "अहो डॉक्टर! मग हा आख्खा विदर्भ मेला म्हणा ना! मीपण सकाळपासून मरून राह्यलो!" दाराशी उभा असलेला शिपाई हसला. मलिका सिस्टर हसली. मीही हसले. सोमारी हसली नाही. तिला असले विनोद उशिरा कळतात.

प्रणित डॉक्टर कानापर्यंत लाल झाला. म्हणत होता, "सर, भाषेची चूक माझी, मान्य. पण वजन एकोणचाळीस किलो होतं, पाणी सोडलं होतं, गरम-गार कळत नव्हतं. उपचारांनी फरक पडलाय, तो थांबवला तर —" न्यायाधीश म्हणाले, "रोवणीत बाईमाणसाचं वजन उतरतेच. माझी आई पण उतरायची." वयस्क डॉक्टरांनी एकदा फाइल पुढे ओढली, काहीतरी विचारायला तोंड उघडलं, पण तेवढ्यात चहा आला.

मला विचारलं, घरी जाणार का? हो म्हटलं. घरचे नेणार का? आदेशचे बाबा म्हणाले, "आत्ता नेतो साहेब!"

सुटले!

३० ऑगस्ट

नाडा परत मिळाला, पाकिटात घालून, वर माझं नाव. बांगड्या तीन कमी भरल्या.

रूहीने हात धरला. "बाई, माझीपण फाइल बघा ना. एखादं चुकलेलं वाक्य सापडते का." काय सांगणार होते मी तिला? तिचं घर हिंदी बोलतं. तिचं कोणी काही चुकीचं ऐकलेलं नाही. म्हटलं, पुढच्या रविवारी येते. येणं होणार नाही, हे दोघींना माहीत होतं.

गेटपर्यंत प्रणित डॉक्टर आला. दोन महिन्यांच्या गोळ्यांची पिशवी हातात दिली. "ह्या बंद करू नका. मी चुकीचं ऐकलं असेन तर मला आनंदच होईल." आणि हात जोडले. मी मान हलवली आणि एसटीकडे बघितलं. खिडकी मीच धरली या वेळी.

२ सप्टेंबर, सोमवार

पोळा. बैल रंगवले, पुरण केलं, खाल्लं, गोड लागलं.

गावभर गोष्ट झालीय. आदेशचे बाबा चौकात बसून सांगतात, डॉक्टरची नक्कल करून. "कधीपासून मेल्या आहात, ताई?" शेजारचा रामाजी तर हसून हसून खाली बसला म्हणे. ज्यांना तोंड दाखवायची सोय नव्हती, त्यांना आता चौकातून उठवावं लागतं. परवापासून बाया मला नळावर विचारतात, "काऊन बाई, मरून राह्यली का?" आणि सगळ्या हसतात. मला बरं वाटतं. पागल म्हणण्यापेक्षा हे बरं.

संध्याकाळी गोळ्यांची पिशवी दिसेना. विचारलं तर आदेशचे बाबा म्हणाले, "शेणखताच्या खड्ड्यात टाकली. शायन्या माणसाले गोळ्या कायले? न्यायाधीशानं सांगतलं ना, तुले काई नाई झालं." वाद घालावासा वाटला, पण कोणत्या तोंडाने? मीच तर तिथे उभी राहून जिंकले.

५ सप्टेंबर

अंगणवाडीत रुजू झाले. अठरा पोरं. एक पायाला बिलगलं. पर्यवेक्षिका म्हणाल्या, रजेचं कारण 'वैयक्तिक' लिहा.

१३ सप्टेंबर

धान निसवायला, लोंब्या यायला, अजून वेळ आहे. झोप कमी झालीय. खिचडीत मीठ आहे की नाही ते सोमारीला चाखायला लावते. तिने चाखली आणि माझ्याकडे बघितलं. मी तिच्यावर ओरडले, पोरांसमोर.

१९ सप्टेंबर

चंद्रपूरला फोन लावला. मलिका सिस्टरने उचलला. प्रणित सर गेले म्हणे, राजीनामा देऊन, गावाकडे. "इथी सगळे चिडवत होते बाई त्याईले. कॅन्टीनवालापण." मी विचारलं, त्या गोळ्यांचं नाव काय होतं? ती हसली. "तुमाले कायले? तुमाले त काईच झालं नव्हतं!"

मीही हसले आणि ठेवला.

२७ सप्टेंबर, शुक्रवार

आता हे रजिस्टर कोणी बघत नाही, म्हणून खरं लिहिते. 'काम करू करू' हे शब्द मी मंडळापुढे जोडले. डॉक्टरला मी ते म्हटलेच नव्हते. सासूबाईंना शेवटची आंघोळ घालताना माझा हात त्यांच्या अंगाएवढाच गार लागला, तेव्हापासून मी नव्हते. त्या परक्या पोराने बरोबर ऐकलं होतं. गोळ्यांनी मी परत आले होते, आणि परवापासून पुन्हा मी नाही.

सकाळी आदेशच्या बाबांसमोर बसले. त्यांच्या डोळ्यांत बघून सांगितलं, "मी मरून राह्यली जी."

इतके हसले की विडी हातातून पडली. मग रामाजीला हाक मारून बोलावलं आणि मला म्हणाले, "आता एकडाव याच्यापुढी म्हण."